वखारीतली शेवंता उसात

१२ नोव्हेंबर २००७
निखिलचा फोन. खराडीची कॉम्प्युटरची नोकरी सोडून सिनेमात आलेला हा आमचा दिग्दर्शक. म्हणे, "सर, तंबाखूची वखार व्हिज्युअली डल आहे. आपण ऊस घेऊ, ग्रीनरी मिळेल." माझी अख्खी कादंबरी निपाणीच्या वखारीत घडते. शेवंता तंबाखू चाळून चाळून छातीच्या रोगाने मरते. उसात कशाने मरणार, गोडव्याने? फोन आपटला.

१५ नोव्हें.
नारायण पेठेत प्रकाशकांकडे. करारात बदलाचे सगळे हक्क सिनेमावाल्यांचे. माझ्या हाती एकच, पडद्यावरून आपलं नाव काढायला सांगणं. प्रकाशक म्हणाले, "अहो, सिनेमा लागला की आवृत्ती संपते. रागवायचं ते नंतर रागवा." चहाही विचारला नाही.

२ फेब्रु.
शूटिंगला गेलो. जायलाच नको होतं.
वखारीतल्या बायका सुटी झाली की गुळाचा खडा तोंडात धरत, घशातली धूळ उतरावी म्हणून. आई अजून धरते. निखिलने तो खडा ठेवलाय. हिरो गुऱ्हाळावर शेवंताला भरवतो, मागे बासरी! सगळ्या युनिटसमोर ओरडलो. तो शांतपणे, "सर, पण गूळ पुस्तकात आहे ना."
आहे. म्हणूनच तर डोकं फिरलं.

१९ एप्रिल, शनि.
कच्च्या सिनेमाची सीडी आली. पाहिली. शेवंता मरतच नाही. मालकाच्या पोराशी लग्न लावलंय तिचं. पुस्तकात याच मालकाने तिला खोकते म्हणून हाकललं. निखिलला सांगितलं, माझं नाव काढ. म्हणाला, नावं सोमवारी फायनल होतात, तेव्हा पुन्हा विचारतो. मला काय मतिमंद समजतो?

२० एप्रिल
भाजी घेऊन वारज्याला घरी आलो, तर आई सीडी बघत बसलेली. शेजारच्या सूनबाईंनी लावून दिली. शेवंता आईची खरीखुरी मैत्रीण, दोघी एका चाळणीवर. कादंबरी वाचून दाखवत होतो तेव्हा शेवटच्या प्रकरणाआधी आई उठली, ती पुन्हा ऐकायला बसलीच नाही. आज डोळे पुसत होती. वाटलं, चला, घरात आणखी एक माणूस चिडलं.
म्हणाली, "बेस केलंस बघ. लगीन लावून दिलंस तिचं."
मी नाही केलं, असं म्हणायचं होतं. भाजी निवडत बसलो.

२१ एप्रिल
सकाळपासून नुसती चिडचिड. निखिलवर. आईवरसुद्धा, आणि त्याची लाज.
आईने निपाणीला शेवंताच्या बहिणीला फोन लावला. तिला कमी ऐकू येतं, म्हणून आई ओरडून सांगत होती, "आमच्या पोरानं जगवली गं तिला. नाव येतंय न्हवं त्याचं, बघ तू."
आईने फोन ठेवला आणि लगेच निखिलचा आला. नावाचं काय करायचं सर? आई माझ्याकडेच बघत होती. जेवून सांगतो म्हटलं.
जेवण कधीच झालंय. त्याचा फोन दोनदा वाजून गेला. आई विचारते, उचलत का नाहीस.