अर्धी ताई, पूर्ण ताई

ती. ताईस,

धाकट्याचा साष्टांग नमस्कार. (कंबरेला पट्टा असल्यामुळे आठांपैकी तीनच अंगं जमिनीला टेकली आहेत, बाकीची टेकली असं समज.) तुझा गुडघा कसा आहे? फोनवर विचारलं की तू "बरा आहे" म्हणून फोन ठेवतेस, म्हणून कागदावर विचारतोय. कागद तुला मध्येच ठेवता येणार नाही.

टीव्हीवरचा आमचा विनोदी कार्यक्रम सव्वीस वर्षांनी बंद होतोय. गुरुवारी शेवटचा भाग. कपाट आवरताना पहिल्या भागाची संहिता सापडली आणि दिवसभर काही सुचेना. आठवतं ना? स्टुडिओ म्हणजे जुनं गोदाम, खुर्च्या चाळीस आणि प्रेक्षक शून्य. दिग्दर्शक माझ्याकडे असा बघत होता की प्रेक्षक मीच घरी विसरून आलोय. शेवटी मी तुला फोन केला. तू ऑफिसातून अर्ध्या दिवसाची रजा टाकून आलीस, भावोजींनाही ओढून आणलंस. मी कारकुनाच्या वेषात होतो आणि माझा केसांचा टोप टेबलाच्या खणात अडकला. (हे संहितेत नव्हतं. पुढे समीक्षकांनी त्याला माझी सूक्ष्म निरीक्षणशक्ती म्हटलं, मीही नाही म्हटलं नाही.) मी खण ओढतोय, टोप आत जातोय, आणि तू हसायला लागलीस! आधी नुसते खांदे, मग बारीक शिट्टी, आणि शेवटी तो घोरल्यासारखा आवाज, ज्यासाठी आई तुला लग्नात हसू नकोस म्हणाली होती.

ध्वनिमुद्रकाने ते सगळं फितीवर घेतलं आणि डबीवर लिहिलं, 'ताई'. पुढे प्रत्येक भागात प्रेक्षकांचं हसू म्हणून तेच वाजायचं, आणि तेव्हापासून आमच्याकडे हीच भाषा. संकलनाला बसलं की दिग्दर्शक म्हणायचा, "इथे अर्धी ताई टाक. टोपाला पूर्ण ताई." एकदा चुकीची डबी लागली आणि कुणा दिवंगत अध्यक्षांच्या श्रद्धांजलीत, अगदी "त्यांची शिस्त कडक होती" या वाक्यावर, तू खदखदून हसलीस. आम्हा सगळ्यांना लेखी माफी मागावी लागली. तुला मात्र मागावी लागली नाही.

खरं सांगू? माझ्या निम्म्या विनोदांवर तू घरी हसली नसतीस. तिथेही मी तुला फितीवरून हसवलं. लिहिताना मात्र कायम एकच विचारायचो, इथे ताई खरंच हसेल का? भावोजींना जाऊन दीड वर्ष झालं, तेव्हापासून तू हसलेली मी ऐकलेली नाही. त्यामुळे उत्तरच येत नाही, आणि लिहिणंही अडलंय.

त्यातच गेल्या आठवड्यात नव्या यंत्रावर घेताना ती फीत पुसली गेली. शेवटच्या भागाला ताई नाही. असो. हे फक्त कळवायला लिहिलं. मागणं काही नाही. गुडघा सांभाळ, उगाच निघू नकोस.

तुझा,
(अजूनही टोप घालणारा) धाकटा

ता. क. गुरुवारी सकाळी नऊला गाडी दाराशी येईल. ड्रायव्हरला सांगितलंय, ताई "नको" म्हणाली तर पायरीवर बसून राहा. पहिल्या रांगेतली कडेची खुर्ची ठेवलीय, पाय लांब करता येईल. हसलंच पाहिजे असं नाही. नुसती बस.

ता. क. २. फीत पुसली गेलेली नाही. थाप मारली. ती माझ्या खणात आहे आणि काल मी ती पहिल्यांदाच शेवटपर्यंत ऐकली. तुझ्या हसण्याच्या मागोमाग भावोजींचा आवाज आहे, "अगं, हळू हस, लोक बघतायत." कार्यक्रमात तुझं हसणं संपायच्या आतच फीत थांबवायचे, म्हणून इतकी वर्षं कुणालाच माहीत नव्हतं. तू ये, दोघं मिळून ऐकू. तेव्हाही तू त्यांचं ऐकलं नव्हतंस, ताई. आताही ऐकू नकोस.