कारहुणवीचे फुगे

लोहारा, २५ जुलै १९६४

रा. रा. सिद्धलिंगअण्णांस, बंडप्पाचा सा. न. वि. वि.

इकडं सर्व ठीक. मुगाला फुलं आली.

तुमच्याच आग्रहावरून पाडव्यानंतर उमरग्याच्या शिबिरात माझी नसबंदी झाली. चौथ्या बाळंतपणात तुमची बहीण मरता मरता वाचली, म्हणून तिच्याऐवजी मी टेबलावर निजलो. डॉक्टर नंतर बरंच काही सांगत होते, पण गाडी चुकेल म्हणून लेकरांसाठी दिलेलं फुग्यांचं पुडकं घेऊन मी निघालो.

आता कस्तुराला तिसरा महिना लागलाय. आई विचारते, नस कापल्यावर हे कुणाचं? मी कस्तुराला काही विचारलं नाही. पंचमीला तिला न्यायला या. परत धाडायची घाई करू नका.

लोभात अंतर पडू नये.

आपला,
बंडप्पा

कळंब, १३ ऑगस्ट १९६४

रा. रा. बंडप्पा दाजींस, सा. न. वि. वि.

कस्तुरा पंचमीला इथं आहे. झोक्याकडं फिरकली नाही.

तिला न्यायला आलो तेव्हा उमरग्याला जाऊन डॉक्टरांना भेटलो. नस कापली तरी आधीचं बीज तीन महिने अंगात राहतं. तोवर सांभाळायचं म्हणून प्रत्येकाला रबरी टोप्यांचं पुडकं दिलं होतं. दाजी, कारहुणवीच्या सणाला बैल सजवले तेव्हा तुमच्या बैलांच्या शिंगांवर पांढरे फुगे डुलत होते, साऱ्या गावानं वाखाणले, असं कस्तुरा सांगते. ते हेच. मूल तुमचंच आहे.

हे ऐकून ती रडली नाही. म्हणाली, "त्यांनी इचारलं असतं, तर म्या गळ्यातल्या इष्टलिंगावर हात ठेवून सांगितलं असतं. इचारलंच न्हाय."

डॉक्टरांना या खेपेची धास्ती वाटते. बाळंतपण इथल्या दवाखान्यात करू. मलाही धाडायची घाई नाही.

माझा लोभ आहे तसा आहे.

आपला,
सिद्धलिंग

लोहारा, २० ऑगस्ट १९६४

रा. रा. सिद्धलिंगअण्णांस, सा. न. वि. वि.

तुमचं पत्र आईला वाचून दाखवलं. मग पारावर सगळ्यांना वाचून दाखवलं. लोक पोट धरून हसले. आता मला फुगेवाला म्हणतात. मला काय म्हणायचं ते म्हणोत, कस्तुराला कुणी बोलायला नको. उमरग्याला जाऊन, बीज उरलं नाही ना, ही राहिलेली तपासणीही करून आलो.

शनिवारी येतो. तिला न्यायला येतो असं आधी इथंच लिहिलं होतं, ते खोडलं. बाळंतपणापर्यंत ती तुमच्याकडंच राहू दे. नंतर येशील का, एवढं तिला विचारायला येतो. नाही म्हणाली तर त्याच गाडीनं परत फिरेन.

लई लाज वाटते, अण्णा. लोभ असावा असं लिहायला हात धजत नाही.

आपला,
बंडप्पा