भिजलेलं टोक

नाशिक रोड, ७ जून २००१

हर्षालीवहिनी,

तुमचा दिनेश ओल्या गच्चीवरून पाय घसरून पडला आणि गेला, असं मी पोलिसांना सांगितलं. ते खोटं आहे.

वादळात माझ्या केबल तुटल्या होत्या. माझं काम सोडून दुसऱ्या केबलवाल्याकडे गेलेला दिनेश सकाळी कठड्यावर बसून माझीच केबल कापताना दिसला. मी लोखंडी पाइप त्याच्या डोक्यात घातला. रक्ताची चिळकांडी उडाली.

"भाऊ, येडे झाले का? तुमचीच लाइन जोडतोय!"

जोडण्याआधी भिजलेलं टोक कापावं लागतं, हे मीच त्याला शिकवलं होतं.

वहिनी, पहिला घाव गैरसमजाने घातला. दुसरा मात्र त्याचं बोलणं नीट ऐकूनच घातला. त्या घावाने तो कठड्यावरून खाली कोसळला.

हे पत्रही ड्रॉवरमध्येच ठेवणारा,
प्रभाकर