रान उठवणारे

प्रिय एफी,

ताईचा आशीर्वाद. तुझा गुडघा आता जिना चढू देतो का, ते आधी कळव.

कॉन्व्हेंटच्या स्वयंपाकघरात बटाटे सोलताना तू सिस्टर कोलंबांना ‘ट्रिस्ट’ म्हणजे काय, असं विचारलं होतंस, आठवतं? (प्रेमिकांची चोरटी भेट, हे आपल्याला ठाऊक होतं; सिस्टरना ठाऊक आहे का, ते पाहायचं होतं.) त्या म्हणाल्या, “शिकारीतला जुना शब्द. हरणाची वाट पाहत उभं राहायची ठरलेली जागा. हरणं तिकडे हाकत रान उठवणारे वेगळे असतात. साल पातळ काढ.”

यंदा लायब्ररीने मला त्याच शब्दावर पाटी लिहायला सांगितली, कारण आपल्या गावच्या जुन्या गुरांच्या बाजारालाही ट्रिस्टच म्हणत. अभ्यास जागेवर जाऊन करावा म्हणून मी गुरुवारी मेंढ्यांच्या लिलावाला गेले. तिसऱ्या कठड्यापाशी टॉर्क्विल मॅकफेल थर्मास घेऊन उभा होता. (तोच, बायको गेल्यापासून फक्त मेंढ्यांशी बोलणारा.) त्याच्याकडे जुन्या बाजाराची बरीच माहिती निघाली. ती अकरा गुरुवार पुरली. गावात कुणाला आमच्या भेटींचा पत्ता नव्हता.

मात्र गुरुवारीच सगळं बिनसायचं. फादरनी गुरुवारची जपमाळेची प्रार्थना बुधवारी ठेवली. बसवाला लिलावाच्या फाटकाआधी उतरूच देईना. आणि खाटकाच्या दुकानातली गिलक्राइस्टबाई म्हणे, “आज खिमा नाही गं, इश्बेल.”

“मग हे समोर काय आहे?”

“ते विकलंय. तू आपली लिलावाला जा, तिथे सूप गरम मिळतं. आणि दाताला लिपस्टिक लागलीय, ती पूस.”

खोदून विचारलं, तेव्हा तिने गल्ल्यामागून तुझं पत्र काढलं. फादरनाही एक आलंय म्हणे. बसवाल्याला दोन. (मी टॉर्क्विलचं नाव तुला एकदाच लिहिलं होतं, तेही मेंढ्यांच्या संदर्भात.)

एफी, सत्तरीला टेकलेल्या बहिणीला असं हाकणं शोभत नाही. टॉर्क्विल आता कायमचा टायरी बेटावर जातोय, भावाच्या मेंढ्यांकडे. मला चल म्हणाला. मी म्हटलं, या वयात घर सोडणं शुद्ध वेडेपणा आहे. त्याने थर्मासचं झाकण रुमालाने पुसून त्यात चहा ओतला आणि आधी माझ्यापुढे धरला.

मी तुझ्यावर रागावले आहे, हे लक्षात ठेव.

तुझी,
ताई

ता. क. पुढच्या महिन्याच्या पहिल्या शनिवारी दहाला चर्चमध्ये ये. एक साक्षीदार कमी पडतोय.

आणखी एक. खिम्याचं मोठं भांडं गिलक्राइस्टबाईला. छत्री बसवाल्याला (ती नाहीतरी त्याच्याच बसमध्ये राहते). गुडघे टेकायची उशी फादरना. बटाट्याची सुरी तुला. पाटी लिहायची राहिलीच. लायब्ररीला सिस्टरचं वाक्य दे, सालीसकट.