चंदेरी शर्टांचे चौबगले

आई, तो कार्यक्रम कॅन्सल झाला नव्हता. कार्यक्रम झाला होता, आणि मी तिथे होते. एवढं एक वाक्य लिहायला मला चाळीसहून जास्त वर्षं लागली. लिहिल्यावर काहीतरी होईल असं वाटलं होतं. काही झालं नाही. इथे टेक्सासात, प्लेनोला, ऑफिसच्या पार्किंगमध्ये गाडीत बसून मेथीचा पराठा खाता खाता लिहितेय, आणि पराठ्यात मीठ कमी आहे एवढंच जाणवतंय. हल्ली माझं असंच असतं. तू गेलीस त्या दिवशीही मी सगळ्यांना चहा करून दिला आणि साखर बरोबर पडली म्हणून मला बरं वाटलं होतं.

निमित्त तुझ्या नातीचं. तिने कुठूनतरी एक जुनी क्लिप शोधून पाठवली. अकरा माणसं, चंदेरी शर्ट, मागे हॉटेलचे लाल पडदे. खाली तिचा प्रश्न, "मॉम, इज दिस द बँड आजी स्टिच्ड फॉर? डिड शी एव्हर सी देम लाइव्ह?" मी लगेच टाइप केलं, "नो, इट गॉट कॅन्सल्ड." सोळाव्या वर्षी मारलेली थाप साठी उलटल्यावर जशीच्या तशी निघाली बोटांतून. तेव्हा म्हटलं, निदान तुला तरी खरं सांगावं.

ते बँडवाले पहिल्यांदा आले तेव्हा सहाच होते. बाबा ऑफिसला गेले की तुला घर खायला उठायचं, म्हणून तू ड्राय क्लीनरच्या मागच्या खोलीत ऑल्टरेशनचं काम धरलं होतंस. शाळा सुटली की मीही तिथेच. त्यांचा म्होरक्या ट्रम्पेट वाजवायचा. त्याचा शर्ट बगलेत उसवलेला. ठेका त्यांच्या मेक्सिकोतल्या आजा-पणजांचा, त्यावर डिस्कोची झिलई, आणि प्रत्येक गाण्यात सगळ्यांनी एकदम हात वर करायचे, त्यामुळे दर रविवारी कुणाचा ना कुणाचा शर्ट फाटायचा. तू त्याला खोलीच्या मधोमध उभं केलंस आणि म्हणालीस, "प्ले. अँड हँड अप." बिचाऱ्याने हँगरच्या जंगलात उभं राहून अख्खं गाणं वाजवलं. तू गाणं ऐकलंच नाहीस, त्याच्या बगलेकडे बघत होतीस. मग तू आपल्याकडे सदऱ्याला असतो तसा चौबगला घातलास, बगलेत कापडाचा चौकोनी तुकडा. त्यानंतर त्यांचा एकही शर्ट फाटला नाही.

बँडची सगळी कारकीर्द तुझ्या मापाच्या वहीत होती. नावं तुला उच्चारता यायची नाहीत, म्हणून तू लिहायचीस, "ढोलवाला, डावा खांदा उतरता", "गाणारा, मान आखूड". त्यांचं एक गाणं एका उन्हाळ्यात टेक्सासभर रेडिओवर वाजलं आणि सहाचे अकरा झाले. गावोगावचे दौरे सुरू झाले, पोटं सुटली, तू शिवणीत दुमडून ठेवलेली माया उसवून शर्ट सैल करत गेलीस. मग त्यांनी डाउनटाउनच्या हॉटेलातल्या मोठ्या कार्यक्रमासाठी चंदेरी शर्ट सांगितले. दर शर्टाला शेकड्यांनी टिकल्या. तू दीड महिना खपलीस. शर्ट न्यायला आला तेव्हा म्होरक्याने पाकिटातून दोन तिकिटं दिली. रविवार दुपारचा शो. तू बाबांना म्हणालीस, "मला गाण्यातलं काय कळतंय? अकराही जणांनी हात वर केल्यावर बगला कशा दिसतात तेवढं बघायचंय."

शनिवारी तू मोरपंखी साडी इस्त्री करून खुर्चीच्या पाठीवर टाकलीस. मला वर्गातल्या मैत्रिणीबरोबर जायचं होतं. बस, एवढंच कारण, याहून मोठं शोधून सापडत नाही. मी म्हटलं, "दुकानातून फोन होता. शो कॅन्सल झालाय." तू साडीकडे बघून म्हणालीस, "असू दे. परत करतील कधीतरी." मग साडीची घडी घातलीस आणि कणीक मळायला घेतलीस. रविवारी दोन्ही तिकिटं पर्समध्ये घालून मी लायब्ररीत जाते म्हणून निघाले.

मध्यंतराच्या आधी म्होरक्याने गाणं थांबवलं. आमचे हे कपडे जिने शिवले ती सेन्योरा आज तिसऱ्या रांगेत बसली आहे, असं तो माइकवर म्हणाला. दिव्याचा झोत आमच्याकडे वळला. मैत्रीण मला ढोसायला लागली. आई, मी उभी राहिले. हात जोडून नमस्कारसुद्धा केला. अख्खा हॉल टाळ्या वाजवत होता.

सोमवारी तो दुकानात आला. मी बटणांच्या डब्याशी बसले होते. "सेन्योरा, यू हर्ड दॅट? ऑल दॅट क्लॅपिंग, फॉर यू! आय कुडन्ट सी यू, द लाइट्स." तू माझ्याकडे बघितलंस. फार वेळ नाही, सुईत दोरा ओवायला लागतो तेवढाच. मग त्याला म्हणालीस, "यस. व्हेरी नाइस. थँक्यू." मला सांभाळून घेतलंस, आणि त्यापायी बगलांचं त्याला विचारायची सोय तुला उरली नाही.

मी घरी बोलणी खायची वाट बघत होते. तू नेहमीसारखं ताट वाढलंस. पुढे डिस्कोची लोक टिंगल करायला लागले, हॉटेलांतले कार्यक्रम बंद झाले. लग्नांत आणि त्यांच्याकडे थाटात होणाऱ्या पोरींच्या पंधराव्या वाढदिवसांत वाजवायला साधे शर्ट हवेत म्हणून त्याने चंदेरी शर्ट परत आणले, त्यातले चारच, कारण माणसं तेवढीच राहिली होती. दोनेक वर्षांत तीही पांगली आणि तो एसी दुरुस्त करायला लागला. तू स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून एकेक टिकली उसवत होतीस. शर्ट उलटा केलास, बगलेवरून अंगठा फिरवलास, आणि वर न बघता विचारलंस, "हात वर केले की कसे दिसत होते गं?"

"छान दिसत होते," मी म्हटलं. तू मान हलवलीस आणि पुढची टिकली काढलीस.

मी बघितलंच नव्हतं. मी लोकांकडे बघत होते, माझ्यासाठी टाळ्या वाजवणाऱ्या. लेकीला खरं सांगेन असं वाटत नाही, आणि हेही कुणाला वाचायला देणार नाही. वाईट वाटून घ्यायचा पुष्कळ प्रयत्न केला, आई. पण आजही ऑफिसात एखादा दिवस फार वाईट गेला की मी गाडीत बसून त्या टाळ्या आठवते, आणि मला बरं वाटतं.