तांदळात लिहिलेलं नाव

कुंभार पिंपळगाव,
आषाढ, १९६०

प्रिय पूर्णा,

काल दुपारी तुझे दीर भुजंगराव येऊन गेले. ओसरीवर बसले, चहा अर्धाच घेतला आणि उठले. ते काय बोलले ते सांगते, पण आधी मला दुसरंच सांगू दे. कालपासून जीव थाऱ्यावर नाही, अक्षर वाकडं आलं तर चालवून घे. तुझ्याच पाटीवर शिकलेलं अक्षर आहे हे. तू गिरवायचीस आणि मी भाकरी थापता थापता बघायची.

घरी तसं ठीक आहे. पेरण्या आटोपल्या. दुकानात गिऱ्हाईक नाही, तुझे अण्णा कापडाचे तागे उगाच उलगडतात आणि पुन्हा घडी घालतात. तू सासरी गेल्यापासून जेवताना बोलत नाहीत.

मी या घरात आले ती रझाकारीनंतरच्या उन्हाळ्यात. तुझी आई उषाबाई त्याआधीच गेली होती. गावातली माणसं जीव मुठीत धरून सरहद्दीपलीकडे पळाली होती, तिथल्या छावणीत तिला ताप भरला. तुला छावणीतल्या शेजारणीकडे ठेवलं होतं, म्हणून तू काही पाहिलं नाहीस. गावी परतल्यावर तू विचारलंस, तेव्हा आजी म्हणाल्या, मामाकडं गेली, येईल. तू पाच-सहा वर्षांची होतीस. पुढे खरं सांगायची कुणाची छाती झाली नाही.

लग्नात ताटात तांदूळ पसरून नवरीचं नवं नाव अंगठीनं लिहितात, ते आता तूही अनुभवलंस. मी मान खाली घालून बसले होते. माहेरी अंतरवालीला मी द्वारका. वाटलं होतं, आता रुक्मिणी होईन नाहीतर जानकी. अण्णांचा हात तांदळावरून फिरला. मला तेव्हा वाचता येत नव्हतं. भटजींनी मोठ्यानं वाचलं, "उषा." मग आजींनी तुझ्या आईच्या नावाचा, तिची मूर्त कोरलेला चांदीचा टाक माझ्या गळ्यात बांधला आणि कानाशी म्हणाल्या, "तिचं नाव तू चालीव, म्हंजी ती तुझ्या वाटंला जायची न्हाई."

आजींना दोष देत नाही. त्यांना सून गेल्याचं दुःख होतं आणि भीतीही होती. पण माझं वयच किती! कुणी "उषा" म्हणालं की मी ओ द्यायची. मी तिच्या चुलीपाशी, तिच्या पाटल्या घालून, तिच्याच नावाला ओ देत होते. रात्री वाटायचं, ती खरंच दारात येऊन उभी राहिली तर काय सांगू?

मग ध्यानात आलं, त्या हाकेला उठणारी मी एकटी नाही. आजींनी "उषा" म्हटलं की तू असशील तिथून धावत यायचीस. गोठ्यातून, लिंबाखालून, जेवणाच्या ताटावरून. दाराकडे बघायचीस, मग माझ्याकडे बघायचीस, आणि माघारी जायचीस. घरातल्या सगळ्यांना हे दिसत होतं. बोलत कुणी नव्हतं.

तो बाजारचा दिवस तुला आठवत असेल-नसेल. गर्दीत आजींची आणि माझी चुकामूक झाली. तुझं बोट माझ्या हातात होतं. पलीकडून आजी ओरडल्या, "उषाऽ, ए उषाऽ!" आणि तू हिसडा देऊन आवाजाकडे सुटलीस. मधे बैलगाड्यांची रांग होती. मी ओरडत राहिले, पण क्षणात तू दिसेनाशी झालीस. अण्णा दुकान उघडं टाकून धावले. आम्ही विहिरी बघितल्या, ओढा बघितला. आजी पारावर कपाळ बडवत होत्या. मला एकच दिसत होतं, लोक म्हणणार, सावत्र आईनं पोर हरवली.

दिवस मावळायच्या सुमाराला बांगड्या विकणारे पाशामियाँ तुला खांद्यावर घेऊन आले. गावाबाहेर, परगावच्या बायका गाड्यांत बसत होत्या तिथं सापडलीस. तुला अण्णांच्या कडेवर दिलं. म्हणाले, "रामरावजी, बच्ची येका येका बाईचा पदर धरून इचारीत व्हती, तू उषा हाईस का म्हणून." आईचा चेहरा तू विसरत चालली होतीस, नाव तेवढं ध्यानात होतं.

त्या दिवसापासून मी ओ देणं सोडलं. भांडले नाही, नुसती गप्प राहिले. आजी हाका मारमारून थकल्या. मग म्हणाल्या, "मेलेल्या बाईचं नाव टाकलं तर ती घर बुडवील." माझ्याशी सगळ्यांचं बोलणं बंद झालं. पाणी आणलं तर आजी ते ओतून देत. अण्णा दोघींच्या मधे सापडले. शेवटी एका सकाळी त्यांनी गाडी जुंपायला सांगितली. म्हणाले, "चार दिवस माहेरी जा. मंग बघू." त्या "मंग बघू"चा अर्थ मला कळला होता. टाकून दिलेली बाई गावात कशी जगते, ते मी पाहिलं होतं.

गाठोडं घेऊन निघाले आणि तू उंबऱ्यात उभी. तू विचारलंस, "तू बी मामाकडं चालली का?" माझ्यानं पुढे पाऊल टाकवेना. मी खाली बसले. सगळ्यांसमोर म्हणाले, "पूर्णा, तुझी आई उषा वारली. ती मामाकडं न्हाई. आता ती येणार न्हाई. मी उषा न्हाई गं, मी द्वारका." आजी किंचाळल्या. तू मला मारलंस, चावलीस, माझे केस ओढलेस. आणि मग रडलीस, मी आल्यापासून पहिल्यांदा. रडून रडून माझ्याच मांडीवर झोपलीस. अण्णांनी स्वतः जाऊन बैल सोडले.

दुसऱ्या दिवशी सगळे जेवायला बसले असताना तू खणखणीत आवाजात म्हणालीस, "द्वारका, मला पाणी दे." आजींचा घास हातातच राहिला. एवढ्याशा पोरीनं मोठ्या बाईला नावानं हाक मारली, पण कुणी रागावलं नाही. अण्णांनी आपला तांब्या पुढे सरकवला, म्हणाले, "द्वारका, मलाबी." आजींनी मात्र मरेपर्यंत मला कुठल्याच नावानं हाक मारली नाही. "अगं" म्हणायच्या. मी त्यालाही ओ दिली. आई तू मला पुष्कळ नंतर म्हणायला लागलीस, कुणी न शिकवता.

आणि हे तुला कधी सांगायचं राहिलं. तुझ्या आईचं माहेर मंठ्यापलीकडे, पूर्णेच्या काठी. बाळंतपणाला निघाली तेव्हा नदीला पूर होता, गाडी अलीकडेच थांबली, आणि तू तिथं देवळाच्या पडवीत जन्मलीस. आजींना कुलदेवीचं नाव हवं होतं. तुझी आई तशी गरीब स्वभावाची, पण त्या वेळी हटून बसली. म्हणाली, हिला मी नदीच्या आवाजात ऐकलं, ही पूर्णाच. त्या घरात तिचं चाललेलं ते एवढंच, असं अण्णा सांगतात.

आता भुजंगराव काय म्हणाले ते लिहिते. "वैनीला शालिनी म्हणून हाक मारली की ओ देत न्हाईत. आईनं सांगितलंय, पंचमीला न्यायला या. ऐकायचं नसंल तर परत धाडू नका." ते गेल्यावर अण्णांनी माझ्यापुढे कागद ठेवला. म्हणाले, "लिही तिला. समजाव. ती तुझंच ऐकती." तेच हे पत्र. पूर्णा, मला समजावता येत नाही गं. शालिनी नाव चांगलं आहे. मनाला पटलं तर घे, त्यानं कुणी मरत नाही, कितीतरी बायका दोन नावांनी सुखानं जगतात. पण पटलं नाही तर भिऊन घेऊ नकोस. पंचमीला अण्णा येतील, मीही येईन, आणि तुझ्या सासूबाईंशी मी बोलेन. त्यांनी नाहीच ऐकलं तर गाडीत तुझ्यासाठी जागा असेल. इथवर लिहिलं तेव्हा अण्णा मागे उभे राहून सगळं वाचत होते. मला वाटलं, कागद फाडतील. त्यांनी माझ्या हातून लेखणी घेतली आणि पाकिटावर मोठ्या अक्षरांत लिहिलं, चि. सौ. पूर्णा, नवीन जालना. मी म्हटलं, अहो, पोस्टमन दारात उभा राहून नाव पुकारतो, सगळं घर ऐकेल. ते म्हणाले, "ऐकू दे."

तुझीच आई,
द्वारका