डमी अर्ज

३ जानेवारी
संकल्प. एक, रोज पहाटे फिरायला जाणे. दोन, या शेवटच्या अधिवेशनात एकदा तरी बोलणे. सहा टर्म आमदार म्हणून नुसतं ऐकलं, तेही डोळे मिटून. लक्ष विचलित होत नाही. सातव्यांदा निवडून आलो की मंत्रिपद कुठे जात नाही.

४ जानेवारी
फिरायला गेलो नाही. धुकं.

९ जानेवारी
सकाळभर ऑफिसात बसलो. कुणी नाही. लोक मागच्या दाराने थेट स्वयंपाकघरात जातात आणि हिला कामं सांगतात. कुणाची पेन्शन, कुणाचं तुंबलेलं गटार. पीएला कारण विचारलं. म्हणाला, साहेब, तुमचं दडपण येतं त्यांना. मलाही तसंच वाटत होतं.

१५ जानेवारी, दुपारी
तिकिटाची चाचपणी करायला पक्षाचे निरीक्षक आले. माझ्यापाशी दहा मिनिटं, हिच्यापाशी दोन तास. हल्ली उमेदवाराच्या घरचं वातावरण बघतात. चांगली पद्धत आहे. निघताना हिला वाकून नमस्कार, मला नुसता हात हलवला. घरच्या माणसाशी कसली औपचारिकता?

मुलीचा फोन. म्हणाली, बाबा, तुम्हाला खरंच कळत नाही का? म्हटलं, सगळं कळतं, तिकीट पक्कं आहे. फोन ठेवून दिला. भरून आलं असावं.

२२ जानेवारी
सभागृहात बोललो! विषय अर्धवट राहिलेला पूल. मुद्दे हिने लिहून दिले होते, पण ऐन वेळी हिचं अक्षर लागेना. सहमत आहे, असं म्हणून बसलो. अध्यक्षांनी विचारलं, कशाशी? विरोधकसुद्धा हसले. छाप पडली.

२ फेब्रुवारी
डमी अर्जाचं काम काढलं. माझा अर्ज बाद झालाच तर घरचं माणूस हाताशी असावं, म्हणून दर निवडणुकीला हिचाही भरतो आणि नंतर मागे घेतो. मी बोट ठेवतो, तिथे ही सही करते. या वेळी चष्मा लावून खिडकीशी बसली आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. म्हणाली, अहो, इतक्या वर्षांत हे कधी वाचलंच नव्हतं. आता त्यात वाचण्यासारखं काय आहे?

४ फेब्रुवारी
पक्षाध्यक्षांचा फोन. हिच्या मोबाइलवर. माझा लागत नसावा. ही दार लावून बोलली. बाहेर आली ती डोळे पुसत. म्हणाली, अहो, बसा जरा. मला मीटिंग होती, निघालो. ड्रायव्हरने विचारलं, साहेब, कुठे घ्यायची? म्हटलं, राहू दे, इथेच बरं आहे. अंगणातच तासभर गाडीत बसलो.

५ फेब्रुवारी
तिकीट हिला. पीए म्हणाला, साहेब, घरातच राहिलं ना.
ही म्हणाली, तुमच्या मनात नसेल तर आत्ता सांगा, मी नाही म्हणून कळवते. कळवलंही असतं. हिला मी ओळखतो. विचार करून सांगतो म्हटलं.

६ फेब्रुवारी
पहाटे फिरायला गेलो. कोपऱ्यावर एका म्हातारीने अडवलं. तुम्ही ताईंचे मिस्टर ना? माझी पेन्शन सुरू झाली म्हणून सांगा त्यांना. सांगतो म्हटलं.

घरी येऊन सांगितलं. ही केवढी खूश झाली. मग म्हटलं, भर अर्ज.

पीएने लगेच दुसराही पुढे ठेवला. हिचा बाद झालाच तर घरचं माणूस हाताशी असावं. माझा चष्मा सापडेना. सही कुठे करायची, विचारलं. हिने बोट ठेवलं, तिथे केली.